गोग्रास

जाताना मिथिलाने फ्रिजवर कागद चिकटवला,
रोमन लिपीतल्या मराठीत:
आई, मीठ नाही. कांदा नाही. लिंबू नाही.
भात तर अजिबात नाही, फुगतात.
आइसबर्ग म्हणजे नुसतं पाणी, अंगाला लागत नाही.
हे शेवटचं वाक्य माझंच,
ती आठ वर्षांची असताना क्रिस्प्सवरून ऐकवलेलं.

मग ती डंडीला गेली, पदार्थविज्ञान शिकायला,
आणि हलमधल्या या घरात उरलो
मी, बॉयलर,
आणि प्लास्टिकच्या पेटीत दोन गोगलगायी,
डोरिस आणि मिस्टर पिकल्स.
मिस्टर पिकल्सने एप्रिलात अंडी घातली.
एकशे बारा.
कागदावर लिहिल्याप्रमाणे ती फ्रीझरमध्ये ठेवली,
खवलेल्या नारळाच्या पिशवीशेजारी,
आणि दोन दिवस फ्रीझर उघडला नाही.

शाळेच्या किचनमध्ये काम करते मी.
बारा वाजता ट्रे पुढे सरकतात,
मटार नको, चिप्स, अजून चिप्स.
ब्रोकोलीला तिथे कुणी वाली नाही.
सकाळी चिरताना उरलेले देठ डब्यात भरते,
मॉरीन बघून न बघितल्यासारखं करते.

रात्री दिवा मालवला की ऐकू येतं,
खर्र, खर्र,
शेजारच्या खोलीत कुणी
फार सावकाश गाजर किसत असल्यासारखं.
गाजर दिलं की सकाळी सगळं केशरी.
काही लपवत नाहीत बिचाऱ्या.
पोटात पाय म्हणून उगाच बदनाम केलं आपण,
पोटात असते फक्त कालची काकडी.

कवचासाठी कॅल्शियम कायम हवं,
हे दोनदा अधोरेखित.
दुकानात, पोपटांच्या रांगेत,
पांढरं, हलकं, होडीसारखं काही लटकत होतं.
हातात घेतलं आणि थबकले.
समुद्रफेण!
आंजर्ल्याच्या वाळूत परकराच्या ओच्यात गोळा करायचो,
अण्णा वैद्य कानाच्या पुडीसाठी घ्यायचे,
मूठभराला एक लिमलेटची गोळी.
इथे पावणेतीन पौंड.
काउंटरवरच्या मुलाला सांगणार होते,
आमच्याकडे हे लाटेबरोबर फुकट येतं.
पिशवी नको, एवढंच म्हणाले.

मागच्या हिवाळ्यात बसथांब्यावर घसरून मनगट मोडलं,
तेव्हापासून मलाही कॅल्शियम.
रात्री नऊला त्यांना हाड, मला गोळी.
माझी खडूसारखी लागते.
त्यांची कशी लागते कोण जाणे.

भोपळा करताना आता
मिठाच्या आधी, फोडणीच्याही आधी
दोन फोडी बाजूला काढते.
आईच्या हातून असाच एक घास निघायचा
गायीच्या नावाने.
गाय कधी यायची, कधी कावळा न्यायचा.
इथली गाय येतेच.
बोटभर येते, थांबते, डोळे आत घेते,
विचार बदलते, परत निघते.
हिने खाल्ल्या मिठाला जागावं
अशी अपेक्षाच करता येत नाही,
मीठच तिला विष.
कुणाचं देणं न लागता जेवते,
आणि मला, खरं सांगते, ते आवडायला लागलंय.

रविवारी फोन येतो.
काय खातायत?
रताळं, दुधीची साल, डँडेलायनचा पाला.
पाला कुठला?
चर्चच्या मागचा, तिथे औषध मारत नाहीत,
व्हिकरबाईंना विचारून आले.
गुड. माशांची भुकटी आठवड्यातून एकदाच, हं आई.
हो. आणि तू काय जेवलीस?

टोस्ट.
त्यावर?
काही नाही. टोस्ट.

डोरिस फोडीवर चढलेली.
मी झाकण काढते, फोन पेटीत धरते.
ऐक, म्हणते.
खर्र.
खर्र.
याला जेवण म्हणतात.